वरपक्ष कोण?

लग्नात मुलाकडचे आणि मुलीकडचे असे दोन पक्ष असले, की कोणी किती वाकायचं हे कोणी न सांगताच ठरून जातं. १९७५ पर्यंत अवकाशयानांच्या जोडणीचंही असंच होतं. एका यानाच्या तोंडाशी दांडा, दुसऱ्याच्या तोंडाशी नरसाळं. दांडा नरसाळ्यात शिरायचा आणि खटके बसायचे. दोन्ही यानं एकाच घरची असली की कोणाची तक्रार नसायची.

पण २४ मे १९७२ ला मॉस्कोत अमेरिकेचे अध्यक्ष निक्सन आणि सोव्हिएत पंतप्रधान कोसिगिन यांनी सह्या केल्या आणि अमेरिकेचं अपोलो नि सोव्हिएत संघाचं सोयूझ एकमेकांना जोडायचं ठरलं. ऐन शीतयुद्धात! आता नरसाळं कोणी लावून घ्यायचं?

यावर जो तोडगा निघाला, त्यावर मी फिदा आहे. व्लादिमीर सिरोम्यात्निकोव्ह या सोव्हिएत अभियंत्याने अमेरिकनांच्या साथीने अशी रचना केली की दोन्ही यानांची तोंडं एकसारखी. प्रत्येकाला एक कडं आणि त्या कड्यावर तीन पाकळ्या. समोरासमोर आली की याच्या पाकळ्या त्याच्या फटींत बसणार. कडं पुढे काढेल तो त्या वेळेपुरता वरपक्ष. पुढच्या वेळी दुसऱ्याने काढावं. गंमत म्हणजे सारखेपणा फक्त तोंडापुरता. धक्का झेलायला अमेरिकनांनी आत तेलाच्या दाबावरचे दट्टे बसवले, सोव्हिएतांनी मोटारी नि दातेरी चाकं. आपापल्या घरात काय करता ते तुमचं तुम्ही बघा. यात नुसतं मानपान नव्हतं, हे मान्य. उद्या वर कोणी अडकलाच, तर कुठल्याही देशाचं यान त्याला सोडवायला जाऊ शकावं, हा हिशेबही होता.

तोंडं जुळली तरी हवा जुळेना. सोयूझमध्ये आपल्या घरातल्यासारखी हवा, पूर्ण दाबाची. अपोलोत नुसता ऑक्सिजन, दाब जेमतेम एक तृतीयांश. सोयूझमधून एकदम अपोलोत गेलं तर रक्तात नायट्रोजनचे बुडबुडे व्हायचे. मग मध्ये सुमारे तीन मीटर लांबीची एक खोली जोडली. पाहुण्याने तिथे थांबायचं, हवा बदलायची, मग पलीकडचं दार उघडायचं. सोव्हिएतांनी आपला दाबही दोन तृतीयांशावर आणला, म्हणून ताटकळणं कमी झालं. १७ जुलै १९७५ ला यानं जुळली, पण अपोलोचा कप्तान थॉमस स्टॅफर्ड आणि सोयूझचा कप्तान अलेक्सेई लिओनोव्ह यांचे हात एकमेकांच्या हातात यायला आणखी तीन तास गेले. तो हस्तांदोलनाचा फोटो सगळीकडे छापून आला. त्या तीन तासांची आठवण कोणी काढत नाही.

पुढचा पाहुणचार मात्र झकास. लिओनोव्हने पाहुण्यांपुढे व्होडकाची लेबलं लावलेल्या नळ्या ठेवल्या. आत निघालं बोर्श्त, म्हणजे बिटाचं सूप! अमेरिकन रशियन बोलत होते, रशियन इंग्रजी. स्टॅफर्डचे उच्चार ऐकून लिओनोव्ह म्हणायचा, हा ‘ओक्लाहोम्स्की’ बोलतो. स्टॅफर्ड पडला ओक्लाहोमाचा. त्याच्यासोबतचा डीक स्लेटन तर अमेरिकेच्या पहिल्या सात अंतराळवीरांतला. १९६२ मध्ये हृदयाचे ठोके अनियमित म्हणून त्याला खाली बसवलं होतं; अवकाशात जायची पहिली संधी त्याला ५१ व्या वर्षी मिळाली. १९ जुलैला यानं सुटी होऊन पुन्हा जोडली गेली, तेव्हा कडं सोयूझने पुढे काढलं. पहिल्या वेळी अपोलोने काढलं होतं. फिट्टंफाट.

त्यानंतर वीस वर्षं दोन्ही घरांचं असं जाणंयेणं झालं नाही. १९९५ मध्ये अमेरिकेचं अटलांटिस शटल रशियाच्या मीर या अवकाश स्थानकाला जोडलं गेलं, तेही याच घराण्यातल्या कड्याने. १६ जानेवारी २०२५ ला इस्रोने स्पेडेक्स या जोडणीच्या चाचणीत दोन यानं जुळवली. त्यांचीही तोंडं एकसारखीच.

स्टॅफर्ड आणि लिओनोव्ह यांचं मात्र सरकारांवाचून अडलं नाही. पुढे स्टॅफर्डने रशियातली दोन मुलं दत्तक घेतली, तेव्हा त्यासाठी खटपट केली ती लिओनोव्हने. २०१९ मध्ये लिओनोव्ह गेला, तेव्हा नव्वदीला टेकलेला स्टॅफर्ड अंत्यविधीला मॉस्कोजवळ पोहोचला आणि मित्राबद्दल बोलला. रशियनमध्ये, म्हणजे अर्थातच ओक्लाहोम्स्कीत.