तुम्ही विचारलंत म्हणून: फ्रान्सचे डावे टीव्हीवर भांडल्यामुळे हरले का?

पुण्याला आले की कुणी ना कुणी विचारतंच, ‘तुमच्या फ्रान्समधले डावे टीव्हीवर बसून एकमेकांचीच उणीदुणी काढतात, मग हरणार नाहीत तर काय?’ माझं उत्तर ठाम आहे. वाद घातला म्हणून ते हरले नाहीत.

25 जानेवारी 2017 ची रात्र. फ्रान्सच्या अध्यक्षपदासाठी समाजवादी पक्षाचा उमेदवार कोण, माजी पंतप्रधान मान्युएल व्हाल्स की त्यांच्याच पक्षाचे बेन्वा आमों, याचा निकाल त्या रविवारी प्रायमरीत, म्हणजे उमेदवार निवडायच्या मतदानात, लागणार होता. मी शेजारच्या बाईंकडे त्या दोघांची टीव्हीवरची चर्चा बघत होते. आमों म्हणत होते, यंत्रं माणसांची कामं घेणार, तेव्हा प्रत्येक प्रौढाला दरमहा ठरावीक रक्कम द्या, पुढे ती 750 युरोपर्यंत न्या. व्हाल्सचं म्हणणं, पैसा आणणार कुठून? आणि माणसाला मान मिळतो तो कामातून. बाई निवृत्त नर्स. ‘मी जन्मभर रात्रपाळ्या केल्या, व्हाल्स बरोबर बोलतोय,’ म्हणाल्या. मग विणकाम मांडीवर ठेवून गप्प झाल्या. त्यांचा नातू सहा-सहा महिन्यांच्या कंत्राटांवर दिवस काढत होता. ‘आमोंचंही खरंच आहे गं.’

त्यांच्या घरातला पेच पडद्यावर मोकळेपणाने मांडला जात होता. असा वाद मला हवाच आहे.

रविवारी बाईंनी रीतसर 1 युरो भरला, डाव्यांची मूल्यं मान्य असल्याची सही केली आणि मत दिलं. आमों 58 टक्क्यांहून जास्त मतं मिळवून जिंकले. हरणाऱ्याने जिंकणाऱ्याच्या पाठीशी उभं राहायचं, असा शब्द उमेदवारांनी दिला होता. मार्चअखेर व्हाल्सनी जाहीर केलं, आपलं मत मध्यममार्गी माक्रोंना. माक्रों आणि कट्टर डावे मेलाँशों तर या प्रायमरीत उतरलेच नव्हते. एप्रिलमध्ये अध्यक्षपदाच्या निवडणुकीची पहिली फेरी झाली, पुढे जाणार फक्त पहिले दोघे: आमोंना 6.36 टक्के, मेलाँशोंना 19.58 टक्के, आणि 21.30 टक्क्यांवर अतिउजव्या मारीन ल पेन दुसऱ्या फेरीत. डाव्यांची खरी फूट ही. त्या रात्री स्टुडिओत ती दिसलीच नाही.

जानेवारी 2022 मध्ये डाव्या विचारांच्या नागरिकांनी स्वतःच एक ऑनलाइन प्रायमरी घेतली. नाव नोंदवायला मी लॅपटॉप घेऊन बाईंकडे गेले.

‘निकाल मानू म्हणालेत का सगळे?’

मेलाँशों, हरित पक्षाचे जादो, समाजवादी पक्षाच्या इदाल्गो, या तिन्ही उमेदवारांनी मानणार नाही असं आधीच सांगून टाकलं होतं. मी तसं सांगितलं. बाईंनी हलक्या हाताने लॅपटॉप मिटवला आणि कॉफी टाकायला उठल्या.