तुम्ही विचारलंत म्हणून: रायलींचे नऊ करडे

व्यक्तिचित्रं रंगवायला शिकणाऱ्यांचा एक प्रश्न सारखा येतो. ‘रायली पॅलेट’ नावाचा प्रकार त्यांनी कुठेतरी पाहिलेला असतो. ब्रश हातात घेण्याआधीच तीस-चाळीस रंगांचे गोळे ओळीनं मांडून ठेवलेले, जणू चित्र काढायचं नसून औषधाचं दुकान उघडायचंय. हे कशासाठी करायचं? घरी, शिक्षकाशिवाय जमेल का? आणि सगळं आधीच मिसळून ठेवलं तर चित्र यांत्रिक नाही का होणार?

आधी माणूस कोण ते पाहू. फ्रँक रायली (१९०६–१९६७) हे न्यूयॉर्कच्या आर्ट स्टुडंट्स लीगमध्ये २८ वर्षं शिकवत होते. लीग १८७५ सालची. तिथं पदवी नाही. ज्या शिक्षकाकडे शिकायचंय त्याच्या वर्गात नाव घालायचं, महिन्याचे पैसे भरायचे. शिक्षक कामाचा नसला तर वर्ग ओस पडतो. रायलींचा कायम भरलेला असायचा. ते स्वतः तिथंच शिकले: जॉर्ज ब्रिजमन यांच्याकडे मानवी शरीराचं रेखांकन, फ्रँक व्हिन्सेंट ड्यूमंड यांच्याकडे रंग. रंग ओळीनं आधीच मिसळून मांडायची सवय ड्यूमंड यांचीच. त्यात रायलींनी बोस्टनचे चित्रकार-शिक्षक अल्बर्ट मन्सेल यांची मोजपट्टी घातली. मन्सेलनी १९०५ मध्ये रंगाची तीन अंगं वेगळी करून मांडली होती. ह्यू म्हणजे तांबडा की पिवळा की निळा. व्हॅल्यू म्हणजे किती उजळ, किती गडद. क्रोमा म्हणजे रंग किती तेज, किती मळका. व्हॅल्यूला त्यांनी आकडे दिले: शून्य म्हणजे निखळ काळा, १० म्हणजे निखळ पांढरा. मधल्या नऊ पायऱ्या म्हणजेच रायलींचे नऊ करडे.

सगळी पद्धत या करड्यांवर उभी आहे, आणि नवशिके घाई करतात तीही इथंच. आयव्हरी ब्लॅक आणि टायटॅनियम व्हाइट नुसते मिसळले तर करडा निळसर येतो. त्वचेच्या रंगात असा करडा गेला की चेहरा आजारी दिसतो. म्हणून त्यात रॉ अंबर हा मातकट तपकिरी घालायचा, अगदी थोडा, निळेपणा जाईपर्यंतच. जास्त झाला तर करडा हिरवट-पिवळट होतो.

सुरुवात मधल्या ५ पासून करा. पांढऱ्यात काळा घालत जायचं, काळ्यात पांढरा नाही. काळ्याची ताकद इतकी असते की उलट्या दिशेनं गेलात तर अर्धी ट्यूब पांढरा ओतूनही तुम्ही ३ वरच अडकलेले असता. ताडून बघायला फोटोग्राफीच्या दुकानातलं १८ टक्क्यांचं ग्रे कार्ड वापरा, ते जवळजवळ ५ च असतं. मग काळ्याला पांढऱ्याचा स्पर्श देऊन १ आणि पांढऱ्यात करड्याचा ठिपका घालून ९. नंतर १ आणि ५ च्या मधला ३, ५ आणि ९ च्या मधला ७, आणि शेवटी २, ४, ६, ८. ‘मधला’ म्हणजे दोन्हींचे समान भाग नव्हेत. सुरीनं तिन्ही पट्टे शेजारी ओढा. दोन्ही बाजूंच्या कडा सारख्याच ठळक दिसल्या तर तो मधला. एक कड विरघळल्यासारखी वाटली तर त्या बाजूला फार जवळ गेलात. ओला रंग चमकतो आणि उजळ भासतो, त्यामुळे कार्ड थोडं तिरकं धरून पाहायचं.

हे नऊ करडे दर वेळी करत बसू नका. एकदाच भरपूर करा आणि रिकाम्या अ‍ॅल्युमिनियमच्या ट्यूबांत भरून ठेवा. ट्यूब मागून उघडी असते. रंग भरायचा, हवा आपटून काढायची, शेपूट दोन-तीनदा दुमडून पकडीनं दाबायचं. पांढऱ्याची मोठी ट्यूब लागेल, काळ्याची लहान संपणारसुद्धा नाही.

आता रंगांच्या रांगा. करड्यांची आडवी ओळ वर, ९ पासून १ पर्यंत. तिच्या खाली तांबड्याची ओळ, तिच्याखाली नारिंगीची, हवी तर पिवळ्याची. तांबडी ओळ अंधाराकडे अलिझरिन आणि बर्न्ट अंबरपासून निघते, इंडियन रेडवरून कॅडमियम रेड लाइटपर्यंत येते आणि पुढं पांढरा घेत वर जाते. नारिंगी ओळ बर्न्ट अंबर, बर्न्ट सिएना, मग यलो ऑकर आणि कॅडमियम ऑरेंज, त्यापुढं पांढरा. हे गोळे वाटाण्याएवढे पुरतात. अट एकच: प्रत्येक गोळा त्याच्या बरोबर वरच्या करड्याइतकाच उजळ हवा. ते तपासायला रंगाचा ठिपका करड्यावर लावून डोळे किलकिले करा. ज्या करड्यावर ठिपका हरवतो ती त्याची व्हॅल्यू. मोबाइलचा ब्लॅक-अँड-व्हाइट फोटो करड्यांसाठी चालतो, तेज तांबड्यांच्या बाबतीत मात्र फसवतो.

या मांडणीची खरी गंमत उभ्या रांगेत आहे. एका उभ्या रांगेतलं काहीही एकमेकांत मिसळा, व्हॅल्यू हलत नाही. गाल फार लाल झाला? त्याच रांगेतला करडा घ्या, लाली उतरेल आणि उजळपणा जागेवर राहील. हनुवटी पिवळट वाटते? त्याच रांगेतला तांबडा. एरवी आपण गालाची लाली कमी करायला हिरवा घालतो, तो गडद होतो, म्हणून पांढरा घालतो, तो खडूसारखा होतो, म्हणून पुन्हा लाल. पाच मिनिटांनी पॅलेटवर चिखल. चिखल होतो तो तीन गोष्टी एकदम बदलायला गेल्यामुळे, आणि रायलींची मांडणी एका वेळी एकच गोष्ट बदलू देते. माझ्या मते पद्धतीचा अर्क एवढाच आहे, बाकीचे तपशील शिक्षकागणिक बदलले तरी बिघडत नाही.

आकडे नुसते गोळ्यांना लावायला नाहीत, ते उजेड-सावलीलाही लागतात. मन्सेलचा ५ डोळ्याला बरोबर मधला वाटतो, पण प्रत्यक्षात तो अंगावर पडलेल्या उजेडातला सुमारे २० टक्केच परत पाठवतो. ८ पाठवतो ५९ च्या आसपास, ६ पाठवतो ३०, ४ पाठवतो १२, ३ पाठवतो साडेसहा, २ पाठवतो ३. आता समजा एका दिव्यात वस्तूच्या उजेडातल्या बाजूवर सावलीतल्या बाजूच्या पाचपट प्रकाश पडतोय. ८ ची वस्तू सावलीत १२ टक्क्यांवर येते, म्हणजे ४. ६ ची येते ३ च्या आसपास. ४ ची येते २ च्या जवळ. म्हणजे अशा उजेडात सावलीचा आकडा मूळ आकड्याच्या निम्मा. खिडकीच्या मऊ उजेडात हे अंतर कमी असतं, ८ ची सावली ६ वर थांबते. कुठलंही प्रमाण घ्या, पण ते सगळ्या चित्राला एकच लावा. पांढऱ्या सदऱ्याची सावली ८ वरून ४ वर नेलीत आणि चेहऱ्याची मात्र ‘छान दिसतेय’ म्हणून ५ वरून ४ वरच ठेवलीत, तर सदरा एका खोलीत आणि चेहरा दुसऱ्या खोलीत असं चित्र होतं. काय बिघडलंय हे बघणाऱ्याला सांगता येत नाही, पण खटकतं.

इलेमेंटरी-इंटरमिजिएटच्या वस्तुचित्रात आपण सगळ्यांनी छायाप्रकाश घोटलेला असतो. तिथं हात तयार होतो हे खरं. पण तिथली सावली ‘गडद कर, अजून गडद कर’ अशी येते. किती गडद, कशाच्या मानानं, हे कुणी विचारत नाही.

आपल्याकडच्यांना सगळ्यात जास्त अडवतो तो त्वचेचा रंग. या पद्धतीची जी कोष्टकं फिरतात ती बहुतेक गोऱ्या मॉडेलवर बेतलेली असतात. ती जशीच्या तशी उचलली की कोल्हापूरच्या शेतकऱ्याच्या चेहऱ्याला पावडर फासल्यासारखी दिसते. छपाई आणि फोटोग्राफीत वापरतात त्या मॅकबेथ रंगतक्त्यात त्वचेचे दोन नमुने आहेत. मन्सेलच्या मापात उजळ त्वचेची व्हॅल्यू साडेसहाच्या आसपास, क्रोमा ४. गडद त्वचेची व्हॅल्यू ३.७, क्रोमा ३ च्या जरा वर. ह्यू मात्र दोन्हींचा जवळपास तोच, तांबड्याकडे झुकलेला नारिंगी. तपकिरी म्हणजे खाली उतरलेला नारिंगीच. म्हणून सावळ्या माणसासाठी वेगळे रंग शोधायला नकोत, त्याच आडव्या ओळीत दोन-तीन घरं उजवीकडं, गडदाकडं सरकायचं.

पण सरकल्यावर दोन गोष्टी बदलतात. एक, जागा आकसते. साडेसहाच्या चेहऱ्याला सावलीपर्यंत उतरायला तीन-साडेतीन पायऱ्या मिळतात. ४ च्या चेहऱ्याला दोनच. सगळी गोलाई त्या दोन पायऱ्यांत बसवायची म्हणजे अर्ध्या पायरीचे गोळे करून घ्यावे लागतात, ३ आणि ४ च्या मधला साडेतीन. दुसरं म्हणजे चमक. कपाळावरची, नाकाच्या शेंड्यावरची चमक त्वचेच्या वरच्या थरावरून परतलेली असते, खालचा रंग गोरा असो की काळा, ती जवळपास तेवढीच असते. त्यामुळे ४ च्या चेहऱ्यावर तीच चमक फार ठळक उठते आणि ती थोडी थंड, करड्याकडे झुकलेली असते. ही चमक करड्यांच्या ओळीतून घ्या. चमकीच्या भोवतीचा उजळ भाग मात्र पांढऱ्यानं उजळवू नका, तिथं ऑकर आणि कॅडमियम ऑरेंज वापरा. पांढरा उजळवतो आणि त्याच झटक्यात क्रोमा मारतो. सावळ्या त्वचेची ऊब तिथंच जाते.

एक चूक इतकी सार्वत्रिक आहे की तिच्यासाठी थोडं थांबायला हवं. जबड्याच्या खालच्या कडेला सदऱ्यावरून किंवा भिंतीवरून परतलेला उजेड पडतो. आजूबाजूच्या काळोखामुळे तो डोळ्याला झगझगीत वाटतो, आणि विद्यार्थी तो ५ चा रंगवतो. वर गालावरचा उजेड-सावलीच्या सीमेलगतचा भागही ५ असतो. झालं, गोलाई मोडली, जबडा पत्र्याचा दिसायला लागला. नियम सरळ आहे: सावलीतली सर्वांत उजळ जागासुद्धा उजेडातल्या सर्वांत गडद जागेपेक्षा गडदच हवी. रंगवायला बसण्याआधी कागदावर लिहून ठेवा, ‘उजेड ६, ५, ४, सावली ३, २’. रंगवताना सावलीत ४ च्या रांगेला हात लावायचाच नाही. गोळे मांडलेले असले की ही शिस्त आपोआप पाळली जाते, कारण हात कुठल्या घरात चाललाय ते दिसतं.

घरी जमेल का? जमेल, पण चेहऱ्यापासून सुरुवात नको. पांढरा रंगवलेला चेंडू घ्या आणि तो फक्त करड्यांत रंगवा. तो जमला की भाजलेल्या मातीची कुंडी घ्या. कुंडीचा रंग आपल्या त्वचेच्याच नारिंगी घराण्यातला, व्हॅल्यूही ४-५ च्या घरातली; शिवाय ती हलत नाही, कंटाळत नाही, मानधन मागत नाही. दिवा एकच ठेवा, वरून आणि बाजूनं, साधारण ४५ अंशांवर. खिडकी झाका. बल्ब घेताना रंगदर्शन निर्देशांक (CRI, म्हणजे त्या उजेडात रंग किती खरे दिसतात) ९० च्या वर आहे ना ते खोक्यावर बघून घ्या. आणि कॅनव्हास व पॅलेट एकाच प्रकाशात असू द्या. पॅलेट अंधारात असली की सगळं चित्र गरजेपेक्षा उजळ होतं, आणि कळतं ते दुसऱ्या दिवशी सकाळी.

गोळे दोन-तीन दिवस टिकवायचे असतील तर काचेच्या पॅलेटवर वरून घट्ट प्लॅस्टिक लावा किंवा प्रत्येक गोळ्यात लवंगेच्या तेलाचा अर्धा थेंब घाला. त्याहून जास्त घातलंत तर रंगाचा थर नीट कडक होत नाही. अंबर असलेले गोळे तरीही आधी वाळतात, त्यातल्या मँगनीजमुळे.

राहिला यांत्रिकपणाचा प्रश्न. रायलींच्या वर्गातून बाहेर पडलेली मंडळी पाहा. जेम्स बामा पुस्तकांच्या मुखपृष्ठांवरून अमेरिकेच्या पश्चिमेकडच्या वायोमिंगमधल्या माणसांच्या काटेकोर व्यक्तिचित्रांकडे गेले. क्लार्क ह्युलिंग्ज यांनी बाजार आणि गाढवं रंगवली. पीटर मॅक्स तर साठच्या दशकातल्या भडक, सपाट रंगांच्या पोस्टरांसाठी ओळखले गेले. बेसिल गोगोस यांनी भयपटांच्या मासिकांच्या मुखपृष्ठांवर राक्षसांचे चेहरे एका बाजूनं हिरवे, दुसऱ्या बाजूनं जांभळे, मध्येच पिवळे रंगवले, आणि तरीही कवटीची गोलाई कुठं तुटत नाही. व्हॅल्यू जागेवर असेल तर ह्यू कुठलाही चालतो, हे गोगोसइतकं उघड कुणी दाखवलेलं नाही. चारही जण एकाच शिक्षकाच्या हाताखालचे, आणि एकाचं चित्र दुसऱ्याचं म्हणून खपणार नाही.

यांत्रिक होतं ते वेगळ्या कारणानं. कोष्टकात ‘गालाची सावली, तांबडा ३’ असं लिहिलंय म्हणून समोरच्या गालाकडे न बघता तांबडा ३ लावला जातो. कोष्टक आकडा सुचवतं, ताडून बघायचं काम डोळ्याचंच असतं. म्हणून कुंडी आणि दोन-चार चेहरे जमल्यावर रंगांच्या ओळी मांडणं थांबवा. करडे तेवढे ठेवा, बाकी रंग ट्यूबमधून थेट घ्या आणि हवी ती व्हॅल्यू करड्यावर ठिपका टेकवून पाहत मिसळा. ठिपका पहिल्या-दुसऱ्या प्रयत्नात हरवायला लागला की ट्यूबांतले करडेही हळूहळू कमी करा. आधी सम आकड्यांचे काढा. १, ३, ५, ७, ९ मात्र बराच काळ लागतात.