डॉक्टरचा दाखला, गुरूची चिठ्ठी आणि माझं ओळखपत्र

कार्ड हातात आलं एकदाचं, पण डोकं अजून तापलेलंय म्हणून लिहून काढतेय. २०२३ मध्ये ट्रान्सजेंडर ओळखपत्रासाठी नॅशनल पोर्टलवर अर्ज भरला. घरबसल्या झाला, त्यात सांगण्यासारखं काही नाही.

महिना उलटला तरी स्टेटस प्रलंबितच. तेव्हाच्या नियमात ३० दिवस दिले होते म्हणून जिल्ह्याच्या ऑफिसात गेले, तर टेबलामागचे साहेब मान वर न करता, "काय पाहिजे? कधी आला?" मी म्हटलं, "आत्ताच आले." 'आले' जरा जोरातच म्हटलं. तर म्हणे, "बरं, आलास ना, मग डॉक्टरचा दाखला आण."

कसला दाखला? तेव्हा लागू असलेल्या २०२० च्या नियमात स्पष्ट लिहिलं होतं की प्रतिज्ञापत्रावरून प्रमाणपत्र द्यायचं, शारीरिक तपासणी नाही. ऑपरेशननंतर स्त्री किंवा पुरुष असं बदलून हवं असेल तेव्हा हॉस्पिटलचा कागद लागायचा, तो अर्जच वेगळा होता. साहेबांनी दोन्हीची खिचडी केलेली. (नियमांची प्रिंट सोबत न्याच, मोबाईलवर दाखवलं तर बघत नाहीत.)

दुसऱ्या खेपेला नवीनच, "तुझा गुरू कोण? त्याची चिठ्ठी आण." मी आईबरोबर राहते हो, तृतीयपंथीयांच्या गुरू-चेल्यांच्या कुठल्या घराण्यात नाही, गुरू कुठून आणू? त्या दिवशी बसस्टँडवर बसून रडले, खोटं कशाला बोलू.

मग ओळखीच्या एका मावशींकडे गेले, त्यांचे चारपाच चेले आहेत, मला वाटलं आपण घरात राहणारी, नोकरीवाली, या काय आपल्याला जवळ करणार. त्यांनी आधी भाकरी वाढली आणि म्हणाल्या, "चिठ्ठी आत्ता लिहून देईन गं, पण देणार नाही. आज तू दिलीस की उद्या येणाऱ्या प्रत्येकीकडे मागतील." आणि तिसऱ्या खेपेला स्वतः सोबत आल्या.

तिथल्या शिपाईकाकांचं मात्र कौतुक. पहिल्या दिवसापासून "बसा, पाणी घेता का?" मराठीत तू म्हटलं की आलास का आलीस ते ठरवावं लागतं, 'कधी आलात' म्हटलं की तो प्रश्नच उरत नाही. काकांना हे कुणी शिकवलं नव्हतं.

अरे हो, प्रतिज्ञापत्रावर जुन्या नावाचं स्पेलिंग आधारप्रमाणेच टाका, माझा एक आठवडा त्यात गेला.

मावशींनी प्रिंट टेबलावर ठेवली, नियमावर बोट ठेवलं आणि शांतपणे खुर्ची ओढून बसल्या. साहेबांनी दोनदा वाचलं, आत जाऊन आले. पुढच्या पंधरवड्यात प्रमाणपत्र आणि कार्ड दोन्ही झालं. घ्यायला गेले तेव्हा रजिस्टर पुढे सरकवून साहेब म्हणाले, "इथे सही कर..." मावशींनी नुसतं बघितलं. "...करा."

आता पॅन कार्डाच्या मागे लागलेय.