मम्मा रोमा: पंगत उठली एकदाची

पासोलिनीच्या 'मम्मा रोमा' या इटालियन सिनेमाची मराठी सबटायटल्स करतेय. तीन आठवडे एकाच प्रसंगात अडकले होते, काल रात्री सुटले. (नावाचा वाद मिटला असं धरून चाललेय. 'मामा रोमा' लिहिलं की कुणाचा मामा, हे कुणीतरी विचारणारच. 'मम्मा'च राहील.)

प्रसंग तुम्हाला पाठ आहे: सुरुवातीचं कार्मिनेचं, म्हणजे मम्मा रोमाच्या जुन्या दलालाचं, लग्न. मम्मा रोमा झालेली आन्ना मान्यानी तीन डुकरं हाकत जेवणाच्या दालनात शिरते आणि मग ती, नवरदेव आणि नवरी भर पंगतीत एकमेकांना गाण्यातून टोमणे मारतात. ही रोमची स्तोर्नेल्ली. पहिल्या ओळीत 'अमक्याचं फूल', पुढच्या ओळींत बाण. फूल निव्वळ यमकापुरतं, त्यामुळे वाळूचंही फूल चालतं, आणि पुढे तर इथे न लिहिण्यासारख्या वस्तूचंही.

आधी सरळ गद्य केलं. अर्थ सगळा आला, पण पडद्यावर लोक का हसतायत ते कळेना. मग ओवी. ती जात्यावरची, हळवी. मान्यानीचं ते खदखदणारं हसू तिच्यात मावेना. मग सवाल-जवाब करून पाहिले, तर ढोलकी ऐकू यायला लागली आणि रोमची पंगत थेट फडावर जाऊन बसली. एकदा वाटलं, '(गाणं)' एवढंच लिहावं आणि पुढे जावं. पण मन होईना. सिनेमात येण्याआधी ही बाई रोमच्या क्लबांतून असलीच गाणी गायची, आणि पुढे युद्धाच्या काळात विनोदी नट तोतोबरोबर रेव्ह्यूंमधून (गाणी-विनोदांच्या खेळांतून) रंगमंच गाजवायची. रोसेलिनीचा 1945 चा 'रोम, ओपन सिटी' आणि 'द रोझ टॅटू'चं ऑस्कर हे त्यानंतरचं. 1962 मध्ये, चौपन्नाव्या वर्षी, पासोलिनीसमोर ती तोंड उघडते तेव्हा ती जुनी गाणारी बाईच परत येते. ते गाळून काय राहिलं?

सोडवलं आत्याने. ती लसूण सोलत बसली होती, मी लॅपटॉपवर तोच तुकडा पुन्हा पुन्हा लावत होते.

"अगं, हा उखाणाच की."

"आत्या, उखाण्यात नाव घेतात."

"मग इथे नावं ठेवतायत, एवढंच."

मी उडालेच. पहिली ओळ यमकापुरती, दुसरीत मुद्दा, समोर लग्नाची पंगत, सगळ्यांचं लक्ष बोलणाऱ्याकडे. तीन आठवडे मी काय शोधत होते! मम्मा रोमाच्या पहिल्या कडव्यात 'गाज्जा'चं फूल आहे, बाभळीच्याच कुळातलं, पिवळं, वासाचं. तेही फुकट मिळालं:

बाभळीच्या फुलाची पिवळी रंगत,
तोंड उघडलं मी तर उठेल पंगत.

'उठेल पंगत'वर मी स्वतःलाच चहा पाजला.

आता सीपीएसचं (सेकंदाला किती अक्षरं वाचायची, त्या मापाचं) रडगाणं. आपलं नेहमीचं सॉफ्टवेअर काना, मात्रा, हलंत सगळं वेगवेगळं मोजतं. 'स्त्री' हे आपल्या डोळ्याला एक अक्षर, त्याच्या लेखी सहा. वरच्या दोन ओळी त्याच्या हिशेबाने, मोकळ्या जागा आणि विरामचिन्हं धरून, 55 आणि माझ्या मोजणीने निव्वळ 28 अक्षरं. म्हणून मर्यादा ओलांडल्याची लाल पट्टी दिसली की वाक्य छाटू नका, मोठ्याने वाचून पाहा. लॅटिन लिपीसाठी बांधलेली मर्यादा आपण मुकाट का पाळायची? टायमिंगही आवाजावर लावा, ओठांवर नको. तेव्हाच्या इटलीत आवाज मागाहून भरायचे, ओठ बघत बसलात तर वेड लागेल.

खरं तर या महिन्यात फाइल बंद करून मान्यानीच्याच 'बेल्लिस्सिमा' सिनेमाला हात घालायचा होता. पण हे लिहितानाच लक्षात आलं की रात्रीच्या रस्त्यावरचं ते लांबलचक बोलणं (ती चालतेय, अंधारातून एकेक माणूस येतो, दहा पावलं सोबत करतो आणि गळतो) मी प्रमाण मराठीत करून ठेवलंय. पंगत उठवणारी बाई दोन रीळांनंतर 'मला असे वाटते' कशी म्हणेल? मागच्या वेळी ज्या भागाची एवढी फुशारकी मारली, तो सगळा पुसतेय. आत्याला शेजारी बसवून नव्याने करणार. 'बेल्लिस्सिमा' दिवाळीनंतर.

कार्मिनेचं उत्तर अजून अडलंय. त्याचं फूल वाळूचं, आणि वाळूला मला 'टाळू'च्या पुढे यमक सुचत नाहीये. कुणाला सुचलं तर सांगा, पण सहा सेकंदांत वाचून व्हायला हवं.