गोलकीपरचं मनगट

हाताच्या फिजिओथेरपीत बरीच वर्षं गेली की माणसाच्या चेहऱ्याआधी त्याचे हात दिसायला लागतात. वेल्डिंगवाल्याचे, पोळ्या लाटणाऱ्या मावशींचे, दिवसभर माऊस धरून बसणाऱ्या हिंजवडीतल्या पोरांचे. जानेवारीत माझ्यासमोरच्या टेबलावर जे हात आले, तसे मात्र मी आधी पाहिले नव्हते. दहातली सहा बोटं कधी ना कधी मोडलेली किंवा निखळलेली. ज्याचे हात, त्याच्या परवानगीने हे लिहिते आहे. त्याचं आणि क्लबांचं नाव येऊ द्यायचं नाही, एवढीच त्याची अट आहे.

तो गोलकीपर, तिशी ओलांडलेला. सोबत त्याचे मामा होते, खडकीच्या ॲम्युनिशन फॅक्टरीतून निवृत्त झालेले. खडकीहून मेट्रोने निघून, सिव्हिल कोर्टला बदलून दोघं नळ स्टॉपला उतरले आणि चालत माझ्याकडे आले. मामांनी बसायच्या आधीच काम सांगितलं. "मॅडम, भाच्याला इथल्या एका क्लबने बोलावलंय. दोन दिवसांत फिटनेस सर्टिफिकेट पाहिजे म्हणतात. हात चांगले चालतात, एवढं लिहून द्या."

भाच्याची आई खडकीची. ससूनमध्ये नर्सिंग शिकून ती इंग्लंडला गेली, तिथल्याच माणसाशी लग्न केलं. मुलगा तिकडेच जन्मला, तिकडेच वाढला, पण आईशी कायम मराठीतच बोलत आल्यामुळे मराठी स्वच्छ. दोन वाक्यांतच मी त्याला "तू" म्हणायला लागले.

तपासणी मी करंगळीपासून सुरू करते. डाव्या करंगळीचं मधलं पेर वाकडं जुळलेलं होतं. "हे कुठलं?" म्हणून विचारलं.

"सातव्या पायरीवरचा क्लब. चिखल होता, आमचाच डिफेंडर बोटावर उभा राहिला."

इंग्लंडमधल्या फुटबॉलची उतरंड किती खोल आहे, ते मला त्या दिवशी कळलं. वर प्रीमियर लीग, तिच्याखाली तीन व्यावसायिक विभाग, पाचवी पायरी नॅशनल लीगची, आणि तिच्याही खाली पायऱ्या उतरतच जातात. सहाव्या-सातव्या पायरीवर पैसे मिळतात, पण त्यावर घर चालत नाही. हा दिवसा गोदामात पार्सलं भरायचा, मंगळवारी आणि गुरुवारी संध्याकाळी सराव करायचा आणि शनिवारी सामना खेळायचा.

उजव्या मधल्या बोटाचं टोक खाली झुकलेलं होतं. आम्ही त्याला मॅलेट फिंगर म्हणतो. असं बोट सहा ते आठ आठवडे पट्टीत सरळ ठेवायचं असतं. मध्ये एकदा जरी वाकलं, तरी मोजणी पहिल्यापासून. याने तिसऱ्या आठवड्यात पट्टी काढली, कारण वरच्या विभागातल्या एका क्लबचा गोलकीपर जायबंदी झाला आणि याला सात दिवसांच्या इमर्जन्सी लोनवर, म्हणजे उसना खेळाडू म्हणून, बोलावणं आलं. गोलकीपरसाठी तशी सोयच आहे तिथे. ते सात दिवस हा राखीव म्हणून बाकावर बसला. एक मिनिटही खेळायला मिळालं नाही.

"वाईट वाटलं?" मी विचारलं.

"बोटाचं नाही वाटलं. संघात आमची जागा एकच असते ना. पुढे खेळणारा दमला तर दुसऱ्याला शेवटची दहा मिनिटं तरी मिळतात. आम्हाला कुणी पडल्याशिवाय काही मिळत नाही."

असं बोट-बोट करत पुढे गेलो. स्वीडनच्या खालच्या विभागातला एक मोसम, सायप्रसमध्ये अर्धा, परत इंग्लंड, दोन वर्षांत तीन क्लब. बोटं दिसायला वाईट होती, पण चालत होती. बाक आलेली असली तरी मूठ पूर्ण वळत होती. तोवर मला वाटत होतं, कागद देता येईल.

मग डाव्या मनगटाकडे वळले. वर उचलताना ते उजव्यापेक्षा बरंच कमी जात होतं. डायनामोमीटरवर पकडीचा जोरही कमी भरला. अंगठा ताणला की त्याच्या मुळाशी दोन शिरांच्या मध्ये एक खळगा पडतो. त्यात मी बोट दाबलं. तो काही बोलला नाही, पण त्याचा खांदा मागे गेला.

"हे कधीपासून?"

"ते काही नाही. टेप मारतो मी."

"किती वर्षं मारतोस?"

मामांनी त्याच्याकडे पाहिलं. त्यांना यातलं काहीच माहीत नव्हतं. "सहा असतील," तो म्हणाला.

त्या खळग्याच्या तळाशी स्कॅफॉइड नावाचं लहानसं हाड असतं. मनगटातल्या आठ हाडांपैकी हे सगळ्यात दगाबाज. हात पसरून पडलं, किंवा वेगाने आलेला चेंडू उघड्या तळव्यावर बसून मनगट मागे दुमडलं, की मोडतं हेच. गोलकीपरला दोन्ही रोजचंच. आणि याचा रक्तपुरवठा उलटा आहे. रक्त मुख्यतः बोटांकडच्या टोकातून आत शिरतं आणि मागे कोपराच्या दिशेने जातं. म्हणजे मागचा अर्धा भाग कालव्याच्या टेलएंडच्या शेतासारखा, वर पाणी अडलं की पहिला तोच सुकतो. हाड मध्ये मोडलं की त्या तुकड्याचं रक्त तुटतं आणि ते जुळायला तयार होत नाही. आणखी वाईट म्हणजे पहिल्या दिवशीच्या एक्स-रेत ही चीर बरेचदा दिसतच नाही. म्हणून खळग्यात दुखत असेल तर फिल्म स्वच्छ असली तरी हात प्लास्टरमध्ये ठेवायचा आणि दहा ते चौदा दिवसांनी पुन्हा फोटो काढायचा, किंवा लगेच एमआरआय करायचा, असा नियम आहे. शिकणाऱ्या मुलांकडून हे वाक्य मी पाठ करून घेते.

मी सर्टिफिकेटचा विषय बाजूला ठेवला आणि ज्यांच्याबरोबर काम करते त्या हँड सर्जन सरांना फोन लावला. दुपारी एक्स-रे झाला, सरांनी संध्याकाळी सीटीची वेळ मिळवून दिली. मधला वेळ आम्ही तिघं हॉस्पिटलच्या कँटीनमध्ये बसलो. दुसऱ्या पेशंटच्या वेळा मी पुढे ढकलल्या. तसं मी सहसा करत नाही.

तिथे कळलं की हा कागद साध्या नोकरीचा नव्हता. त्याच्याकडे ब्रिटिश पासपोर्ट आणि ओसीआय कार्ड, म्हणजे भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकांना मिळतं ते. कार्डावर इथे हवं तितकं राहता येतं, पण मैदानावर तो परदेशी खेळाडूच. आपल्या इंडियन सुपर लीगमध्ये परदेशी खेळाडूंच्या जागा मोजक्या, एका वेळी मैदानात चारच. त्या जागा क्लब गोल करणाऱ्यांना आणि बचावाच्या मधल्या फळीला देतात. गोलकीपरवर परदेशी जागा सहसा कुणी खर्च करत नाही. सुरुवातीच्या वर्षांत करत होते. मामांना ते सगळं तोंडपाठ. 2016 साली बालेवाडीला एफसी पुणे सिटीच्या गोलमध्ये एडेल होता. जन्म कॅमेरूनचा, देशाकडून खेळला आर्मेनियाच्या, क्लब केले रुमानियात, पॅरिसला, तेल अवीवला, आणि पुण्याला यायच्या आधी 2014 मध्ये कोलकात्याकडून आणि 2015 मध्ये चेन्नईकडून लीग जिंकून आलेला. "तो आपल्या पुण्यात उभा राहिलेला मी पाहिलाय," मामा म्हणाले. "याला का नाही जागा मिळणार?"

भाच्याचा हिशोब वेगळा होता. ओसीआय कार्डाला पाच वर्षं झालेली असतील आणि अर्जाआधी बारा महिने भारतात राहिलेलं असेल, तर नागरिकत्वासाठी अर्ज करता येतो. त्यासाठीच तो आजीच्या घरी येऊन राहिला होता. टर्फवर पोरांना गोलकीपिंग शिकवत महिने मोजत होता. भारतीय झाला की परदेशी जागेचा प्रश्नच उरत नाही. बोलावणारा क्लब तोवर त्याला सरावाला ठेवून घ्यायला तयार होता. पुण्यापुरता हा रस्ता नवा नाही. पुणे एफसीचा इझुमी अराता जपानमध्ये वाढलेला, वडील भारतीय, आई जपानी. त्याने जपानचं नागरिकत्व सोडून भारताचं घेतलं आणि 2013 मध्ये भारताकडून खेळला. 2025 च्या नोव्हेंबरात बेंगळुरू एफसीच्या रायन विल्यम्सने ऑस्ट्रेलियाचा पासपोर्ट सोडून भारताचा घेतला. आपल्याकडे दोन्ही ठेवता येत नाहीत. आणि देशाकडून खेळायचं तर भारतीय पासपोर्टच लागतो, असं केंद्र सरकारने 2008 मध्ये ठरवलेलं आहे.

मग तो नील एथरिजबद्दल बोलला. बराच वेळ बोलला. एथरिज इंग्लंडमध्ये जन्मला, आई फिलिपिन्सची. तो देश दुहेरी नागरिकत्व मान्य करतो, त्यामुळे ब्रिटिश राहूनच तो आईच्या देशाकडून खेळला. 2010 मध्ये हनोईत फिलिपिन्सने व्हिएतनामला 2-0 हरवलं तेव्हा गोलमध्ये तोच होता. 2014 मध्ये फुलहॅमने सोडल्यावर काही महिने त्याला क्लबच नव्हता. मग ओल्डहॅम, चार्लटन, वॉल्सल, कार्डिफ. 11 ऑगस्ट 2018 रोजी तो प्रीमियर लीगमध्ये पहिला सामना खेळला. आग्नेय आशियातला पहिलाच खेळाडू, आणि त्याच सामन्यात त्याने पेनल्टी अडवली. पुढच्याच आठवड्यात न्यूकॅसलविरुद्ध, अगदी शेवटच्या क्षणी, आणखी एक. "आम्ही एकाच पिढीचे," हा म्हणाला. "त्याच्या आईने त्याला देश दिला तो पासपोर्टसकट. माझ्या आईने मला सगळं दिलं, हे एक तिच्या हातात नव्हतं." तक्रार म्हणून नाही म्हणाला. तरीही मला ते लागलं. आपल्या कायद्यामागे कारणं असतील, पण त्याची किंमत कुणीतरी प्रत्यक्ष मोजत असतं आणि ते माणूस तेव्हा माझ्यासमोर चहाचा कप उजव्या हातात धरून बसलं होतं. डावा हात मांडीवर होता.

सीटी आला. हाड मध्यावर मोडलेलं, कडा गुळगुळीत झालेल्या, म्हणजे जुनं. कोपराकडचा तुकडा आजूबाजूच्या हाडांपेक्षा दाट, रक्त कमी असल्याची खूण. रेडिअसच्या, म्हणजे कोपरापासून अंगठ्याच्या बाजूने येणाऱ्या हाडाच्या, टोकाशी सांधा घासायला लागला होता, पण सुरुवातच होती. सरांनी पडद्यावर दाखवलं. असंच खेळत राहिला तर काही वर्षांत मनगट निकामी होईल. ऑपरेशन केलं तर संधी आहे. कमरेच्या हाडाचा तुकडा मध्ये बसवायचा, आत स्क्रू घालायचा, आणि मग किमान तीन महिने वाट पाहायची. इतक्या जुन्या मोडीत हाड जुळेलच, अशी खात्री सरांनी दिली नाही.

बाहेर आल्यावर मामांनी मला बाजूला घेतलं. "मॅडम, एक कागद आहे हो फक्त. सहा वर्षं खेळलाच ना तो? अजून एक वर्ष. नागरिकत्व मिळू दे, मग करू ऑपरेशन." ते हात जोडून उभे होते. माझ्या वडिलांच्या वयाचे. मी नाही म्हणाले, आणि का ते सांगितलं. पूर्ण ताकदीची एक पेनल्टी त्या मनगटावर बसली तर आज जे दुरुस्त करता येतंय तेही हातचं जाईल, आणि त्या कागदावर सही माझी असेल. ते गप्प झाले. भाचा मागेच उभा होता. "मामा, त्यांना नका सांगू," एवढंच म्हणाला.

मग त्याने आईला व्हिडिओ कॉल लावला आणि फोन माझ्या हातात दिला. इतकी वर्षं नर्स असलेल्या आईपासून त्याने हे लपवलं होतं. तिने मुलाला काही विचारलं नाही. मला म्हणाली, "ताई, फिल्म दाखवा." कॅमेऱ्यासमोर मी सीटीची चित्रं एकेक धरली. पाहून झाल्यावर तिने विचारलं, "पहिला एक्स-रे कुठाय?"

तो प्रश्न माझ्याही मनात सकाळपासून होता. रात्री उशिरापर्यंत बसून मी त्याच्याकडून सगळं लिहून घेतलं. साल, गाव, क्लब, कोणता हात, कुणी पाहिलं, काय केलं. इतक्या ठिकाणी खेळून त्याची एक सलग फाईल कुणाकडेच नव्हती. प्रत्येक क्लबने आपल्यापुरती काही महिन्यांची नोंद ठेवली आणि तो निघाला की ती बंद केली. नव्या ठिकाणी मेडिकल व्हायची तेव्हा दुखत नाही म्हणून हाच सांगायचा, कारण दुखतं म्हणणाऱ्या दुसऱ्या नंबरच्या गोलकीपरला कोण घेणार? टेप गोलकीपरच्या मनगटावर असतेच, तिच्याबद्दल कुणी विचारलं नाही. मोठ्या क्लबात वर्षानुवर्षं राहणाऱ्या खेळाडूच्या बाबतीत सहा वर्षांत कुणीतरी त्या खळग्यात बोट दाबलंच असतं.

सहा वर्षांपूर्वीचा तो एक्स-रे दोन आठवड्यांनी इंग्लंडहून ईमेलवर आला. सरांनी आणि मी तो मोठा करून पाहिला. खरंच काही दिसत नाही त्यात. ज्या डॉक्टरांनी पाहिला, त्यांनी बरोबरच पाहिला होता. खाली त्यांची सूचनाही आहे, चौदा दिवसांनी पुन्हा एक्स-रे. त्या तारखेला हा स्वीडनमध्ये होता. नवा क्लब, नवा करार, पहिलाच सामना. तो सामना त्याने एकही गोल न खाता काढला, हे त्याने मला आपणहून सांगितलं.

मोड नेमकी किती जुनी ते त्या फिल्ममुळे ठरलं आणि सरांना ऑपरेशनची आखणी करता आली. फेब्रुवारीत ऑपरेशन झालं. क्लबला त्याने स्वतः फोन करून खरं काय ते कळवलं. त्यांनी दुसरा मुलगा घेतला. नागरिकत्वाचे बारा महिने मात्र इथेच राहून भरतायत, प्लास्टरमध्ये असतानाही ते मोजले जातातच.

बारा आठवड्यांच्या सीटीत अर्ध्याहून जास्त ठिकाणी हाड जुळलेलं दिसलं. मागच्या तुकड्यात रक्त आलंय, असं सरांचं मत आहे. मी माझ्या बाजूने मनगटाची हालचाल सुरू केली आहे, पकडीचा जोर सावकाश वाढतोय. हाताने चेंडू अजून सहा आठवडे घ्यायचा नाही. मामांनी सरांना विचारलं, पायाने मारायला चालेल का? हल्लीच्या गोलकीपरला पाय लागतातच ना, लांब पास, छोटा पास. सर चालेल म्हणाले. त्यामुळे शनिवारी सकाळी टर्फवर तो पोरांना पायाने खेळायला शिकवतो, स्प्लिंट घालून, आणि पडायचं नाही हे त्याने पाळावं म्हणून मामा कडेला खुर्ची टाकून बसतात.