'वन्स अपॉन अ मॅट्रेस': कुणाच्या वाट्याला कोणता आवाज

मॅट्रेसचं काम बरंच पुढे सरकलंय. नवीन मंडळींसाठी थोडक्यात: १९५९ची संगीतिका, संगीत मेरी रॉजर्सचं, गीतं मार्शल बेअरची, आणि मुळात हान्स ख्रिश्चन अँडरसनची ती परीकथा, ज्यात गाद्यांच्या ढिगाखालचा वाटाणा टोचला तरच राजकन्या खरी. एकेका पात्राची गाणी कीबोर्डवर बसवायची आणि शब्द काढून टाकल्यावर नुसत्या सुरांतून माणूस ओळखू येतो का ते बघायचं, हा माझा बेत.

विनिफ्रेडचं 'शाय' आता हातात बसलंय. ही राजकन्या खंदक पोहून महालात येते आणि सगळ्या दरबाराला सांगते की मी फार लाजाळू आहे. त्यातला 'लाजाळू' हाच शब्द छातीतून, पूर्ण ताकदीनं फेकायचा! शब्द एक सांगतात, सूर नेमकं उलटं. पण ती खोटं बोलत नाही, हे वाजवता वाजवता मला पटत गेलं. राजकन्येनं कसं असावं हे ती ऐकून आलीय. घसा मात्र तिचा स्वतःचा आहे. म्हणून हे गाणं प्रेक्षकांना डोळा मारत गायचं नाही. गाणारीनं लाज खरी मानली तरच हसू फुटतं. मूळ प्रयोगात विनिफ्रेड झालेल्या कॅरल बर्नेटचं रेकॉर्डिंग यासाठी पुन्हा पुन्हा ऐकावं असं आहे.

राजा सेक्स्टिमस शापानं मुका. संगीतिकेत न गाणारं पात्र ठेवायचं आणि त्याच्या वाट्याला चक्क एक द्वंद्वगीत द्यायचं, हे धाडस मला फार आवडतं. 'मॅन टू मॅन टॉक'मध्ये बाप खुणा करतो आणि मुलगा डॉन्टलेस त्या ओळखत गातो. राजाच्या खुणा तालात पडल्या नाहीत तर गाणं कोसळेल. म्हणजे तोही गातोच आहे, फक्त अंगानं.

राणी ॲग्रॅव्हेनच्या तोंडाला खळ नाही. तिचं 'सेन्सिटिव्हिटी' पाच मात्रांत आहे. कान चारवर थांबायला बघतो, तेवढ्यात आणखी एक मात्रा येते आणि समोरच्याला मध्ये बोलायला फटच मिळत नाही. तिचा स्वभाव याहून नेमका कसा सांगणार? शेवटी डॉन्टलेस आईला गप्प करतो, शाप उलटतो, राजाला वाचा फुटते आणि राणीची बंद होते. मला तर या नाटकाचा खरा कळस वाटाण्यापेक्षा इथेच वाटतो.

डावा हात अजून पाच मात्रांना सरावतोय, म्हणून तूर्त लय उतरवून वाजवतोय. त्यानंतर दुसऱ्या अंकातलं विनिफ्रेडचं 'हॅपिली एव्हर आफ्टर' घेईन. त्यात ती इतर परीकथांतल्या नायिकांना किती आयती मदत मिळाली याची तक्रार करते. 'शाय'मधला तोच मोठा आवाज तिथे वैतागासाठी कसा वापरलाय, ते दोन्ही गाणी लागोपाठ वाजवून तपासायचंय. विदूषकाचं 'व्हेरी सॉफ्ट शूज' कुणी बसवलं असेल तर लय किती ठेवलीत ते जरूर कळवा.