कारणे मागाहून येतात

नेणिवेतल्या पूर्वग्रहांचा विषय निघाला की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे मनात दडवून ठेवलेला द्वेष उभा राहतो, आणि ‘माझ्या मनात तसले काही नाही’ असे म्हणून माणूस मोकळा होतो. तो खोटे बोलत नसतो. अडचण एवढीच, की ज्या व्यवहाराची खबर जाणिवेपर्यंत पोचतच नाही, त्याविषयी त्याने दिलेली साक्ष कितीही प्रामाणिक असली तरी ग्राह्य धरता येत नाही.

रिचर्ड निस्बेट आणि टिमोथी विल्सन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी 1977 मध्ये प्रसिद्ध केलेल्या लेखात याचा एक मासलेवाईक दाखला आहे. त्यांनी एका दुकानात नायलॉनच्या पायमोज्यांचे चार जोड ओळीने मांडून ठेवले आणि त्यांतला सर्वांत चांगला कोणता, असे गिऱ्हाइकांना विचारले. चारही जोड हुबेहूब सारखे होते. तरीही सर्वांत उजवीकडचा जोड 40 टक्के लोकांनी निवडला, तर सर्वांत डावीकडचा अवघ्या 12 टक्क्यांनी. कारण विचारताच लोक विणीविषयी, पोताविषयी बोलू लागले. जागेचा उल्लेख एकानेही केला नाही. मांडणीच्या क्रमाचा परिणाम झाला असेल का, असे थेट विचारल्यावर जवळजवळ सर्वांनी ते नाकारले, आणि काहींनी तर प्रश्न विचारणाऱ्याचे डोके ठिकाणावर आहे ना, अशा नजरेने त्याच्याकडे पाहिले.

इथे निवड चुकली असे म्हणता येत नाही, कारण चुकण्यासारखे काही नव्हतेच. लक्षात घ्यायचे ते असे, की निवड आधी झाली, तिची कारणे मागाहून जुळवली गेली, आणि ती जुळवणाऱ्याला मात्र ती आधीपासून मनात असल्याचेच वाटत राहिले. स्वीडनमधल्या पेटर योहान्सन, लार्स हॉल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2005 मध्ये याच्याही पुढचा प्रयोग प्रसिद्ध केला. दोन चेहऱ्यांच्या छायाचित्रांतून एक निवडायला सांगून, हातचलाखीने न निवडलेले छायाचित्र त्या माणसाच्या हाती द्यायचे आणि ‘हेच का निवडले?’ असे विचारायचे. अदलाबदल बहुतेक वेळा कोणाच्या ध्यानातच आली नाही. एकाने कानांतले डूल आवडल्याचे सांगितले. त्याने खरोखर निवडलेल्या चेहऱ्याच्या कानांत डूल नव्हतेच.

पायमोज्यांच्या बाबतीत हे गमतीचे ठरते. माणसांची निवड करताना ठरत नाही. एरिक उलमान आणि जेफ्री कोहेन या संशोधकांनी, तेही 2005 मध्येच, पोलीसप्रमुखाच्या पदासाठी दोन काल्पनिक उमेदवार लोकांपुढे ठेवले: एक उच्चशिक्षित, दुसरा प्रत्यक्ष रस्त्यावरच्या कामात मुरलेला. काहींना शिकलेला उमेदवार पुरुष म्हणून दाखवला, काहींना स्त्री म्हणून. शिकलेला उमेदवार पुरुष असला की शिक्षणाचे महत्त्व वाढे, स्त्री असली की तेच उतरे. म्हणजे स्त्रीला डावलले असे कोणाला वाटायचे कारणच उरले नाही. प्रत्येकाने आपल्या मते गुणवत्ताच पाहिली होती, फक्त गुणवत्तेची व्याख्या उमेदवार पाहून ठरत होती. मला या प्रयोगातला सर्वांत बोचणारा भाग हा वाटतो, की स्वतःला अधिक वस्तुनिष्ठ समजणाऱ्यांच्या हातून हा पक्षपात अधिक झाला. ‘हुशार आहे, पण आपल्यात रुळेल असे वाटत नाही’ हे निवड समित्यांतले नेहमीचे वाक्य मी तेव्हापासून निमूटपणे मान्य करत नाही.

यावर सहसा सुचवला जाणारा उपाय म्हणजे आत्मपरीक्षण आणि जागृती. त्याविषयी मी फारसा आशावादी नाही. म्युलर-लायर या 1889 पासून प्रसिद्ध असलेल्या दृष्टिभ्रमात दोन सारख्या रेघा टोकांवरच्या बाणांमुळे लहानमोठ्या दिसतात, आणि पट्टी लावून मोजल्यावरही तशाच दिसत राहतात. ठाऊक असल्याने दिसणे बदलत नाही. सुप्त पूर्वग्रह मोजण्यासाठी 1998 मध्ये अँथनी ग्रीनवाल्ड व सहकाऱ्यांनी मांडलेली प्रतिसाद-वेळेची चाचणी (शब्दांच्या वा चित्रांच्या जोड्या माणूस किती झटकन जुळवतो, यावरून अंदाज बांधणारी) आता सर्वत्र वापरली जाते, पण तीच व्यक्ती पुन्हा चाचणीला बसली तर गुण बरेच बदलू शकतात, त्यामुळे एखाद्याच्या माथी शिक्का मारायला ती कामाची नाही. अशा चाचणीवरचे गुण सुधारणारे नऊ उपाय 2016 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात तपासले गेले: सर्वांचा परिणाम तत्काळ दिसला, आणि काही तासांत ते काही दिवसांत सर्वांचाच ओसरला.

उलमान आणि कोहेन यांच्या प्रयोगात मात्र एक गोष्ट लागू पडली होती. उमेदवार कोण हे कळण्याआधीच कोणत्या गुणाला किती महत्त्व द्यायचे हे ज्यांच्याकडून ठरवून घेतले, त्यांच्या निवडीत तो पक्षपात दिसेनासा झाला. मन तेच होते. त्याला निकष मागाहून फिरवायची सोय तेवढी राहिली नव्हती. उत्तरपत्रिकेवरचे नाव झाकणे, सर्वांचा पहिला प्रश्न तपासून झाल्यावरच दुसऱ्याकडे वळणे, मुलाखतीत प्रत्येकाला तेच प्रश्न त्याच क्रमाने विचारणे, या सगळ्या रूक्ष वाटणाऱ्या रीती त्याच जातीच्या आहेत. त्यांचीही मर्यादा आहेच: निकषांचा तक्ता माणसेच तयार करतात, आणि आजवर त्या पदावर जशी माणसे बसत आली, त्यांचेच गुण त्यात आधी उतरतात. तिथे उमेदवारांची नावे झाकून काहीच साधत नाही. तक्त्यातला प्रत्येक निकष त्या कामाला खरोखर लागतो का, हे वेगळे तपासावे लागते.